बुडापेस्टच्या बाईंचा हयातीचा दाखला

मी ज्या बाईंना मारलं त्या मला फार आवडायच्या, हे आधीच सांगून ठेवते. मनात वाईट काही नव्हतं. अंबडच्या भाड्याच्या दोन खोल्यांत, वरणाच्या शिट्ट्या मोजत, मी त्यांना मराठी ज्ञानकोशात मारलं, आणि तेही संदर्भासकट.

मी मूळची कोकणातली. इकडे आले ती लग्न करून. नवरा एसटीत कंडक्टर, त्याची पहिली नेमणूक आमच्या भागात झाली होती आणि मी रोज त्याच्या गाडीने काजूच्या कारखान्यात जायची. सुट्ट्या पैशांवरून भांडता भांडता आमचं जमलं. पुढे त्याची बदली त्याच्या मुलखात झाली आणि समुद्राची सवय असलेली मी जालन्याकडच्या या सपाट, कोरड्या जागी येऊन पडले. पहिल्या उन्हाळ्यात मला वाटलं होतं की कुणीतरी आभाळाचं झाकण काढून ठेवलंय.

माझं शिक्षण विचाराल तर नववी नापास असंही म्हणता येत नाही, कारण नापास व्हायला परीक्षेला बसावं लागतं. आईच्या जोडीला कारखान्यात बी फोडायला बसले ती बसलेच. आता अंबडमध्ये नवी सून आली की बायका पहिला प्रश्न विचारतात, "किती शिकली गं?" त्यावर मी म्हणायची, "आमच्याकडे काजूचं फार काम असतं हो." मग मी काजूची साल, तेल, काळे पडलेले हात असं काहीबाही सांगत बसायची आणि बाई कंटाळून निघून जायची. पण प्रश्न जायचा नाही. दुसऱ्या दिवशी दुसऱ्या बाईच्या तोंडून यायचा.

इंटरनेटवरच्या त्या ज्ञानकोशात, जिथे कोणीही लिहू शकतं, मी शिरले ती घरच्या आठवणीने. नवरा ड्युटीवर, सासूबाई वाती वळत बसलेल्या. इकडे सासूला आत्याबाई म्हणतात, म्हणून मीही म्हणते. मी फोनवर माझ्या गावाचं नाव टाकलं. गावावर दोन ओळींचा लेख निघाला. दोन ओळींतली एक चूक. आमचं गाव नदीच्या पलीकडे नेऊन ठेवलं होतं! वर 'संपादन' असं लिहिलेलं दिसलं, ते दाबलं, गाव उचलून अलीकडे आणलं, आणि फोन उशीखाली लपवला. मला वाटलं, आता कुणीतरी विचारणार की तुम्ही कोण, तुमचा दाखला दाखवा. दोन दिवस दारावर थाप पडली की मी आधी खिडकीतून बघायची.

कोणी आलं नाही. उलट निरोप आला: आपले स्वागत आहे, आपल्या योगदानाबद्दल आभारी आहोत. मी बसले तिथेच रडले. मग त्या निरोपाला सविस्तर उत्तर लिहिलं, की मी आपली कशी ऋणी आहे, आपल्या घरी सर्व कुशल असो, कधी अंबडला आलात तर जेवूनच जा. तो निरोप यंत्र सगळ्यांनाच पाठवतं, हे मला बऱ्याच महिन्यांनी कळलं. पण मी म्हणते, यंत्राने तरी विचारलं का, कितवी झाली म्हणून?

हळूहळू ओळखी झाल्या. नागपूरचे एक निवृत्त शिक्षक या कामात जुने होते, आम्ही सगळे त्यांना सर म्हणायचो. त्यांनी मला एका गटात घेतलं. देशोदेशीचे लोक, प्रत्येक जण आपापल्या भाषेत फुकट लिहिणारा. ज्या कर्तबगार बायकांवर आपल्या भाषेत लेख नाहीत त्यांची नावं वाटून घ्यायची आणि लेख लिहायचे, असं ते काम. मी पोहोचेपर्यंत शास्त्रज्ञ बायका संपल्या होत्या, खेळाडू संपल्या होत्या. ऑपेरा गाणाऱ्या तेवढ्या उरल्या होत्या.

सरांनी विचारलं, "ताई, ऑपेरा माहीत आहे का?"

मी म्हटलं, "नाटक असतं आणि त्यात गातात, ना?"

"हो."

"मग माहीत आहे," मी म्हटलं. कारण मला वाटलं, हे म्हणजे आमचं दशावतारच. माझा मामा दशावतारात राक्षस व्हायचा. पहाटेच्या सुमाराला देव त्याला मारायचा आणि मामा अशी काही आरोळी ठोकून आडवा व्हायचा की पुढे बसलेली पोरं मागे पळायची. उजाडल्यावर तोच मेलेला मामा अर्धा रंग तोंडावर ठेवून शेताच्या बांधावरून घरी यायचा आणि सुक्या बांगड्याबरोबर पेज जेवायचा. हे मी लहानपणापासून पाहिलंय. हे इथे मुद्दाम लिहून ठेवते, म्हणजे पुढे मी जे केलं त्याला माझ्याकडे काहीही सबब नव्हती हे तुम्हाला कळेल.

मी एकेक गायिका घेऊ लागले. दुसऱ्या भाषांतले लेख फोनवर भाषांतर करून वाचायचे, जुन्या पेपरांतल्या बातम्या शोधायच्या, आणि गाणंही ऐकायचं, कारण न ऐकता लिहिणं मला चोरी वाटायची. पहिल्यांदा आवाज सुटला तेव्हा आत्याबाईंच्या हातातली वात गळून पडली.

"काय झालं गं तिला? इच्चू चावला का?"

"गाते आहे, आत्याबाई."

"हे गानं हाये?" त्या फोनजवळ आल्या. "मंग येवढी कळवळून काहून राह्यली? पानी तर दे म्हनावं कोनी."

पण महिन्याभरात त्याच सांगायला लागल्या, "ती जाड बाई लाव. ती निळ्या लुगड्यावाली. तिचा दम लय हाये." भाजी निवडायला आम्हाला रोज एक नवी बाई लागायची. शेजारच्यांना वाटायचं, घरात भांडण चालू आहे.

आणि मग बुडापेस्टच्या बाई आल्या.

त्यांचं नाव मी लिहीत नाही, आधीच त्यांना माझ्यामुळे पुरेसा त्रास झालाय. त्यांच्या लेखातली एक ओळ वाचून मी फोन खाली ठेवला. बाईंनी शाळा लवकर सोडली होती. टोप्यांच्या दुकानात कामाला होत्या, टोप्या मांडता मांडता गुणगुणायच्या, तिथून कोणीतरी त्यांना गाणं शिकायला नेलं. टोप्यांच्या जागी मी काजू ठेवून पाहिले. माझा आवाज फुटक्या घमेल्यासारखा आहे, म्हणून पुढचं काही जुळेना. पण तोवर मी त्यांची झाले होते. बाकीच्या गायिकांना मी एक आठवडा दिला असेल, बाईंना महिना दिला. त्यांच्या टोप्यांच्या दुकानावर मी इतकं लिहिलं की सरांना सांगावं लागलं, "ताई, हा लेख गायिकेवर आहे. टोप्या जरा कमी करा."

शेवट मात्र सापडेना. बाईंनी गाणं थांबवलं, पुढे काय? शोधता शोधता त्यांच्या देशातल्या एका पेपरातला मजकूर मिळाला, काही वर्षांपूर्वीचा. भाषांतर केलं. त्यात लिहिलं होतं की बाईंनी काल सर्वांचा निरोप घेतला. क्षयाने खंगलेल्या अवस्थेतही त्यांचा चेहरा शांत होता. त्यांचा मृत्यू पाहताना एकही डोळा कोरडा नव्हता, आणि असं सुंदर मरण या शहराने कित्येक वर्षांत पाहिलं नव्हतं.

मी पदर डोळ्याला लावला.

"कोन गेलं गं?" आत्याबाईंनी विचारलं.

"बुडापेस्टच्या बाई."

"त्या टोप्यावाल्या? आरं देवा." त्यांनी हातातल्या वाती बाजूला ठेवल्या. मग विचारलं, "आपल्याला सुतक न्हाई ना?"

त्यानंतर बाईंचं नाव कुठल्याच पेपरात दिसेना. मेलेल्या माणसाचं येणार तरी कसं, असं म्हणून माझी खात्री आणखी पक्की झाली. मी मृत्यूची तारीख भरली, कारण म्हणून क्षय लिहिला आणि खाली पेपरचा संदर्भ जोडला. सरांनी पाठ थोपटली, "उत्तम संदर्भ, ताई." गटातल्या लिथुआनियाच्या बाईंनी माझ्यावरून आपल्या लेखात तारीख घेतली. पोर्तुगीजवाल्याने घेतली. बंगालीत गेली. माझी कॉलर ताठ झाली. मग माझ्या लक्षात आलं की खुद्द हंगेरीच्या भाषेतल्या लेखात तारीखच नाही. मी मनाशी म्हटलं, बघा, आपल्याच माणसाची यांना काळजी नाही. आणि अंबडहून तिथे जाऊन, भाषेचं एक अक्षर येत नसताना, मी बाईंना त्यांच्या मायबोलीतही मारून आले.

तीन-चार दिवसांनी माझ्या चर्चापानावर निरोप आला. चर्चापान म्हणजे जिथे इतर लिहिणारे आपल्याशी बोलतात ते पान. एका मुलीने लिहिलं होतं, भाषांतर होऊन माझ्यापर्यंत आलं ते असं: "नमस्कार. तुम्ही ज्यांच्या मृत्यूची नोंद केली त्यांच्याकडे मी गाणं शिकते. आज सकाळी माझा तास झाला. त्या जिवंत आहेत. मी ताल चुकले म्हणून माझ्यावर ओरडल्यासुद्धा."

मी पेपरचा तो मजकूर पुन्हा उघडला. या वेळी वरपासून वाचला. वर नाटकाचं नाव होतं, आणि पुढे 'बाईंचा शेवटचा प्रयोग' असं होतं. बाजूला तिकिटाचे दर होते. खाली लिहिलं होतं की मरून झाल्यावर बाई सात वेळा पडद्याबाहेर आल्या आणि त्यांनी फुलं स्वीकारली.

वरण करपल्याचा वास आला तेव्हा कुठे मी उठले.

मला भीती कशाची वाटली, ते सांगते. बाईंची नाही. बाई जिवंत होत्या, छान ओरडत होत्या. मला वाटलं, आता मला काढणार. जगात ही एक जागा होती जिथे मला कोणी कितवी ते विचारलं नव्हतं, आणि आता तिथेही विचारणार. विचारणारच, कारण दहावी झालेल्या माणसाने तिकिटाचे दर वाचले असते.

नवरा जालन्याची फेरी करून आला. मी सांगितलं, "मी एका बाईला मारलंय."

तो बूट काढता काढता थांबला. "कोनाला?"

"बुडापेस्टच्या बाईंना. त्या जिवंत आहेत."

"मंग मारलं कसं?" सगळं ऐकल्यावर तो इतका हसला की तिकिटाचं मशीन खाली पडता पडता वाचलं. माझं तोंड बघून मात्र त्याने हसू आवरलं. "रडून काय राह्यली? तुझ्या त्या सरांना फोन लाव ना. आत्ताच्या आत्ता. मी बसतो बाजूला."

मी फोन लावला. सरांना सगळं सांगितलं, मध्येमध्ये माफी मागत. सरांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "ताई, एक विचारू का? राग मानू नका."

आलं, मी मनात म्हटलं. नवऱ्याचा हात घट्ट धरला.

"विचारा सर."

"आणखी किती जणींना मारलंय?"

"म्हणजे?"

"म्हणजे तुमचे बाकीचे लेख बघावे लागतील ना. अर्धे तुम्ही बघा, अर्धे मी बघतो. आणि बाईंची तारीख आधी काढा, चहा नंतर प्या."

आम्ही सगळे लेख उलटेपालटे करून पाहिले. दुसरं प्रेत सापडलं नाही. मात्र एका गायिकेचं मी लग्न लावून दिलं होतं. फोटोखाली 'पतीसह' असं होतं, तो नाटकातला पती निघाला. खऱ्या आयुष्यात त्या बाई एकट्या राहायच्या आणि मांजरं पाळायच्या. मी त्यांचा काडीमोड करून दिला.

मराठीतली आणि हंगेरियनमधली तारीख मी काढली. बाकीच्या भाषांत मात्र अडचण झाली. लिथुआनियाच्या बाई कडक. त्यांनी लिहिलं, "आमच्याकडे वर्तमानपत्राचा संदर्भ आहे. जिवंत असल्याचा तुमच्याकडे काय संदर्भ आहे?" मी लिहिलं, तो संदर्भ मीच दिला होता आणि तो नाटकाचा आहे. त्यांनी लिहिलं, ते ठीक, पण त्यानंतर त्या जिवंत आहेत हे कुठे छापून आलंय? शिष्येचा शब्द चालत नाही. आमच्यात नियमच आहे: ओळखीच्या माणसाने सांगितलं ते धरायचं नाही, प्रसिद्ध झालेलं धरायचं. एरवी मी नव्या लोकांना हाच नियम मोठ्या थाटात शिकवायची. आता बाई रोज सकाळी गाणं शिकवत होत्या आणि दोन-तीन भाषांत मेलेल्या होत्या. शिष्येने लिहिलं की बाईंना ओळखीचे लोक फोन करून विचारू लागलेत, आणि एका जुन्या मैत्रिणीने तर फुलं पाठवली.

मी भाकरी थापता थापता हे आत्याबाईंना सांगत होते. त्या शांतपणे म्हणाल्या, "हयातीचा दाखला देत न्हाईत का तिकडं?"

सासरे शाळेत शिपाई होते. त्यांच्यामागे आत्याबाईंना पेन्शन मिळते आणि दर वर्षी नोव्हेंबरात त्या जिवंत आहेत हे त्यांना बँकेत जाऊन सिद्ध करावं लागतं. आयुष्यभर भांडी घासून त्यांच्या अंगठ्यावरच्या रेघा गेल्यात. यंत्रावर अंगठा ठेवला की यंत्र म्हणतं, ही बाई नाही. आत्याबाई समोर उभ्या असतात, यंत्राला शिव्या देत असतात, आणि तरी नाहीत.

"मागच्या साली अंगठा लागंना," त्या सांगू लागल्या, "तवा त्या सायबानं माझा फोटू काढला. हातात त्या दिवसाचा पेपर धराय लावला. तारीख दिसली पायजे म्हनं. तुझ्या बाईला सांग, पेपर धरून उभी ऱ्हा. फोटू काढ अन् दे समद्यांला पाठवून. जल्दी कर, फुलं आली म्हंजे लोक दहाव्यालाबी येतील."

मी सरांना विचारलं. सर म्हणाले, असं आजवर कोणी केलेलं नाही, पण करू नका असंही कुठे लिहिलेलं नाही. मी शिष्येला लिहिलं. लिहिताना लाजेने मान खाली गेली होती, कारण ज्या बाईपुढे लोक फुलं घेऊन उभे राहायचे तिला मी अंबडच्या पेन्शनरसारखं पेपर धरून उभं राहायला सांगत होते.

दोन दिवसांनी फोटो आला. स्वयंपाकघर होतं. ओट्यावर कांदे होते. पांढऱ्या केसांच्या, जाड चष्म्याच्या एक म्हाताऱ्या बाई छातीशी पेपर धरून उभ्या होत्या, आणि चेहऱ्यावर तोच भाव होता जो आत्याबाईंच्या चेहऱ्यावर त्या यंत्रासमोर असतो. शिष्येने तो फोटो सगळ्या भाषांना वापरता येईल असा चढवला. आत्याबाईंनी चष्मा लावून तो नीट पाहिला.

"ही व्हय ती? वाळली गं." मग म्हणाल्या, "पेपर बराबर धरलाय."

लिथुआनियाच्या बाईंचं उत्तर एका ओळीचं होतं: "पुरेसे आहे. जिवंत केले." पोर्तुगीजमध्ये झाल्या, बंगालीत झाल्या. शेवटच्या भाषेतली तारीख गेली तेव्हा गटात कोणीतरी टाळ्यांचं चित्र टाकलं आणि मग प्रत्येकाने टाकलं. लिथुआनियाच्या बाईंनीही टाकलं, आणि खाली लिहिलं की न तपासता तारीख उचलली ती मी, तेव्हा निम्मं मरण माझ्या नावावर लिहा. आता त्या गटात नव्या गायिकेवर लेख लिहिताना शेवटी एकमेकांना विचारतात, "अंबड केलं का?" म्हणजे बाई खरंच गेल्यात ना, हे दुसऱ्या ठिकाणी बघितलं का? तालुक्याचं गाव माझ्यामुळे जगात गेलं, ते असं.

शिष्येमार्फत बाईंचा निरोपही आला. त्या रागावतील अशी मी तयारी ठेवली होती. त्यांनी विचारलं होतं, "मी मेले असं त्या मुलीला वाटलं ते फक्त पेपर वाचून, की मला पाहून?" मी खरं ते लिहिलं, की पेपर वाचून. पण नंतर त्यांच्या त्या शेवटच्या खेळाचा एक तुकडा मिळाला, तो मी आणि सासूबाईंनी पाहिला, आणि तुम्ही जिवंत आहात हे फोटोसकट माहीत असूनही आम्ही दोघी रडलो. यावर बाईंचं उत्तर आलं की मग ठीक आहे.

हे सगळं मी गावी मामाला फोनवर सांगितलं. मला वाटलं तो हसेल. तो हसला नाही. मग म्हणाला, "माज्या मरणाक कोण कधी रडाक नाय गो. मेले सगळे ताळये मारीत." आणि पुढे, "खय मिळता बघूक ता? माका धाड." मी त्याला बाईंचं मरण पाठवून दिलं.

नोव्हेंबरात मी आत्याबाईंना घेऊन बँकेत गेले. बायकांची रांग होती. आमच्या पुढे हसनाबादकडच्या एक आजी बसल्या होत्या. त्यांनी मला खालून वर बघितलं.

"सून का?"

"व्हय," आत्याबाई म्हणाल्या.

"किती शिकली?"

काजू माझ्या ओठांवर आलेच होते. पण आत्याबाई माझ्याआधी बोलल्या. "ही? हिनं मेलेली बाई जित्ती केली. परदेशातली. पेपरात मेल्ती, हिनं उठवून बसवली. तुमची सून करती का?"

आजींनी तोंडावर हात ठेवला. मागच्या बायका पुढे सरकल्या. "कशी काय वो?" कोणीतरी विचारलं, आणि आत्याबाई पाय पसरून सुरुवातीपासून सांगायला बसल्या: टोप्या, क्षय, फुलं, फोटो. मला मध्येच सांगावंसं वाटलं की आधी मारली होती तीही मीच. तोंड उघडलंसुद्धा. पण तेवढ्यात आत्याबाईंचा नंबर लागला, त्यांनी यंत्रावर अंगठा दाबला, यंत्र म्हणालं, ही बाई नाही, आणि त्या वळून मला म्हणाल्या, "पेपर आन गं आजचा."

मी पेपर आणायला धावले. मागे रांगेत गोष्ट पुढे चालू झाली होती, आणि तिथे कोणी संदर्भ मागत नव्हतं.